पिठाचा कोंबडा आणि जुना आयपॉड



उन्हाळ्याच्या सुटीत घर आवरताना माळ्यावरच्या वस्तू खाली येतात आणि मुलांच्या हाती लागतात. यंदा माझ्या बारा वर्षांच्या नातवाच्या हाती एक जुना आयपॉड लागला. माझ्या मुलाने तो २००६ मध्ये अमेरिकेत नोकरीला असताना घेतला होता. पुढे मोबाइलमध्येच गाणी वाजू लागली आणि हे यंत्र बिस्किटांच्या रिकाम्या डब्यात, आपल्या वायरीसह, विसावले. नातवाने ती वायर जोडून तासभर चार्जिंग केले आणि इतक्या वर्षांनी त्याचा पडदा उजळला. त्यात गाणी कोणती आहेत, असे काही त्याने विचारले नाही. तो म्हणाला, "आजोबा, यात गेम टाकता येतील का?"

गाणी ऐकण्याच्या यंत्रात खेळ कशाला, असे उत्तर माझ्या ओठांवर आले होते. परंतु मनात दुसराही विचार आला. मोबाइलवरील खेळ संपत नाहीत. मध्येच जाहिरात येते, मध्येच पैसे मागितले जातात, आणि खेळणारा थांबू लागला की त्याला परत बोलावणारी सूचना वाजते. या जुन्या यंत्राला इंटरनेटच नाही. त्यात जे आपण घालू तेवढेच राहणार. शिवाय घरात असलेली वस्तू चालत असताना नवी विकत घेऊ नये, हा अपरिग्रहाचा साधा अर्थ आपणास लहानपणापासून शिकवलेला आहे. मी होकार दिला. त्यानंतरचे आठ दिवस आम्ही दोघे त्या यंत्रामागे होतो. त्या आठ दिवसांचा हिशेब या महिन्याच्या सदरात मांडतो आहे.

प्रथम थोडी पूर्वपीठिका. ऑक्टोबर २००१ मध्ये पहिला आयपॉड आला, तेव्हा खिशात मावणारी हजार गाणी हे त्याचे आकर्षण होते. पण त्या पहिल्या यंत्रातही एक खेळ लपवून ठेवलेला होता. यंत्राची माहिती दाखवणाऱ्या पानावर जाऊन मधले बटण काही क्षण दाबून धरले की चेंडूने विटा फोडण्याचा खेळ उघडत असे. हा खेळ मुळात अटारी या कंपनीच्या १९७६ सालच्या 'ब्रेकआउट'चा वंशज. त्या मूळ खेळाच्या यंत्ररचनेत तरुण स्टीव्ह जॉब्स आणि स्टीव्ह वॉझनिअॅक या दोघांचा हात होता, हे कळल्यावर त्या लपवाछपवीमागचा मिश्कीलपणा ध्यानात येतो. नंतरच्या आवृत्त्यांत पॅराशूट, पत्त्यांचा सॉलिटेअर आणि गाणे ओळखण्याची प्रश्नमंजुषा यांची भर पडली.

सप्टेंबर २००६ मध्ये, आमच्याकडे आहे त्याच पाचव्या पिढीच्या आयपॉडसाठी, कंपनीने खेळ विकण्यास आरंभ केला. टेट्रिस, पॅक-मॅन, माहजाँग असे नऊ खेळ प्रारंभी होते आणि प्रत्येकाची किंमत ४.९९ डॉलर होती. २०११ मध्ये ही विक्री थांबली. हे खेळ ग्राहकाच्या खात्याशी कुलूपबंद असल्यामुळे केवळ त्यांची नक्कल करून दुसऱ्या यंत्रात घातल्यास ते चालत नाहीत. माझ्या व्यवसायाच्या भाषेत बोलायचे तर खरेदीखत आणि भाडेपट्टा यांत जो भेद आहे, तोच येथे आहे. ग्राहकाला वाटते, वस्तू आपली झाली. प्रत्यक्षात त्याला वापरण्याची अनुमती मिळालेली असते. २०२४ मध्ये काही हौशी मंडळींनी आपापल्या जुन्या संगणकांत उरलेले हे खेळ एकत्र आणून टिकवण्याचा खटाटोप सुरू केला, तो याच कारणाने.

आमच्यासाठी दुसरी वाट होती. तिचे नाव रॉकबॉक्स. २००१ च्या अखेरीस स्वीडनमधील काही प्रोग्रॅमरांनी आर्कोस नावाच्या संगीतयंत्रासाठी, कंपनीच्या मूळ प्रणालीच्या जागी चालणारी स्वतःची प्रणाली लिहायला घेतली. पुढे अनेक देशांतील लोकांनी तिच्यात भर घातली आणि ती आयपॉडसह अनेक यंत्रांवर चालू लागली. तिच्यात गाण्यांच्या सोयींबरोबर बुद्धिबळ, सुडोकू, साप, विटा, सोकोबान असे कितीतरी खेळ आहेत. हे सारे विनामूल्य आहे, आणि ज्याला त्याचे अंतरंग वाचून सुधारणा करायची असेल त्यालाही मोकळीक आहे. हे वाचताना मला आपल्याकडील शास्त्रदानाची परंपरा आठवली. दहाव्या शतकात दानचिंतामणी अत्तिमब्बे हिने पोन्न कवीच्या शांतिपुराणाच्या हजार प्रती लिहवून घेऊन वाटल्या. ज्ञान कुलपात न ठेवता त्याच्या प्रती होऊ द्याव्यात म्हणजे ते टिकते, हे तिने हजार वर्षांपूर्वी जाणले होते.

नातवाने आयपॉड माझ्या संगणकास जोडला. पडद्यावर एक चौकट उमटली. ही डिस्क वापरण्यापूर्वी फॉरमॅट करणे आवश्यक आहे, करायची काय, असा प्रश्न तीत होता. नातवाचे बोट होकाराच्या बटणावर होते.

मी म्हणालो, "थांब."

यात माझी काही दूरदृष्टी नव्हती. ती नोकरीची सवय होती. कोणतेही खाते बंद करण्यापूर्वी त्यात शिल्लक आहे का, ते पाहायचे, ही शिस्त हाताला जडलेली. नातू म्हणाला, "आजोबा, कॉम्प्युटरला आत काहीच दिसत नाहीये. रिकामाच असणार." परंतु आदल्या दिवशीच त्याच यंत्रावर आम्ही एक जुने गाणे ऐकले होते. मग रिकामे कसे?

उलगडा पुढे झाला. मुलाने तो आयपॉड अमेरिकेत मॅक संगणकावर वापरला होता. मॅक डिस्कवर आपल्या पद्धतीने नोंदी करतो; तिला एचएफएस प्लस म्हणतात. विंडोजचा संगणक ती पद्धत मुळात वाचत नाही. एखाद्या पेढीची वही मोडी लिपीत असावी, नव्या कारकुनाला केवळ बाळबोध येत असावे, आणि त्याने वही निरर्थक ठरवून कोऱ्या कागदांची मागणी करावी, तसा हा प्रकार. वही कोरी नव्हती. वाचणाऱ्याला लिपी येत नव्हती. अडचण अशी की रॉकबॉक्सलाही फॅट ३२ या पद्धतीची डिस्क लागते. म्हणजे खेळ हवे असतील तर डिस्क पुसावीच लागणार होती. प्रश्न एवढाच, की पुसण्याआधी आत काय आहे.

मी पुण्याला मुलाला फोन लावला. तो कामात होता. म्हणाला, "बाबा, खुशाल पुसून टाका. जुनी गाणी आहेत, सगळी मोबाइलवर मिळतात." मी फोन ठेवणार एवढ्यात तो म्हणाला, "थांबा, थांबा. आज्जीचं भक्तामर कुठंय?"

आम्ही दोघेही काही क्षण गप्प होतो.

माझी आई पहाटे भक्तामर स्तोत्र म्हणत असे. मानतुंगाचार्यांची ती अठ्ठेचाळीस काव्ये तिला मुखोद्गत होती. तिचे शिक्षण चौथीपर्यंतच झालेले होते. १९८९ च्या चातुर्मासात मी टेपरेकॉर्डर स्वयंपाकघराच्या दाराशी ठेवून तिचा पाठ ध्वनिमुद्रित केला होता. २००७ मध्ये मुलगा रजेवर आला तेव्हा त्याने ती कॅसेट संगणकावर उतरवून आपल्या आयपॉडमध्ये घालून नेली. आई २०११ मध्ये गेली. त्या संगणकाचे कधीच भंगार झाले होते. कपाटातली कॅसेट मी लगेच काढून पाहिली. फितीवर बुरशीचा पांढरा थर चढला होता आणि ती एके ठिकाणी तुटली होती. याचा अर्थ, आईच्या आवाजाची जगात उरलेली एकमेव प्रत त्या बिस्किटांच्या डब्यातून आलेल्या यंत्रात होती, आणि एका बटणाने ती नाहीशी होणार होती.

आता मॅक संगणक शोधणे आले. आमच्या गल्लीच्या तोंडाशी लग्नपत्रिकांची अक्षरजुळणी करणारे एक दुकान आहे. तेथे जुना मॅक होता. दुकानदाराने मोठ्या आपुलकीने तो आम्हाला दिला. आयपॉड जोडताच उघडला. गाणी मात्र साध्या नजरेला दिसत नाहीत. ती लपवलेल्या कप्प्यात असतात. तो कप्पा उघडल्यावर आत पन्नास फोल्डर, आणि त्यांत चार चार अक्षरांची अर्थहीन नावे असलेल्या शेकडो फाइली. गाण्याचे खरे नाव फाइलीच्या पोटात नोंदलेले असते. बाहेरून ते कळत नाही. आम्ही निवड करीत बसलो नाही, सर्वच्या सर्व प्रथम उतरवून घेतले.

मग शोध. संगीताच्या प्रणालीत सारी यादी उघडली, पण आईच्या वा स्तोत्राच्या नावाने काहीच नव्हते. 'ट्रॅक ०१' अशा नावाच्या मात्र बऱ्याच नोंदी निघाल्या. नातू एकेक वाजवून पाहू लागला. मी म्हणालो, "नाव जुळत नसेल तर रक्कम जुळवून पाहा." साठ मिनिटांच्या कॅसेटची एक बाजू तीस मिनिटांची असते. यादी कालावधीनुसार लावली. पाच-सहा मिनिटांच्या गाण्यांच्या वर एकच नोंद होती, एकोणतीस मिनिटे आणि काही सेकंदांची.

आधी टेपची खरखर आली, मग भांड्यांचा आवाज, आणि मग आई. पहिल्या काव्याचा तिचा तो ठाम, किंचित नाकातला उच्चार. दुकानदाराने हातातले काम थांबवले. मधल्या एका काव्यानंतर कुकरची शिटी ऐकू येते, आणि आई त्याच सुरात म्हणते, "अगं, गॅस बारीक कर," आणि पुढच्या काव्याला लागते. जिला ते सांगितले होते ती माझी पत्नी घरी हे ऐकताना हसली आणि नंतर बराच वेळ काही बोलली नाही. नातवाने पणजीला पाहिलेले नव्हते. त्याने विचारले, "या नेहमी अशाच म्हणायच्या?" मी म्हणालो, "नेहमी. देवाचं म्हणताना घराकडं लक्ष असायचंच."

त्या ध्वनिमुद्रणाच्या आज पाच प्रती आहेत. दोन संगणकांत, एक पेनड्राइव्हवर, आणि दोन माझ्या बहिणींकडे.

त्यानंतर निश्चिंत मनाने आम्ही मूळ कामाकडे वळलो. विंडोजच्या संगणकावर आयट्यून्समधून आयपॉड मूळ अवस्थेस आणला. तेथे असे केले की डिस्क आपोआप फॅट ३२ होते. मग रॉकबॉक्सची स्थापना करून देणारा छोटा प्रोग्रॅम चालवला. यंत्र ओळखणे, आरंभीचा भाग बसवणे, फाइली ठेवणे ही कामे तोच करतो. अर्ध्या तासात नवी मांडणी दिसू लागली. यात कंपनीची मूळ प्रणालीही राहते; यंत्र सुरू होताना वरची 'होल्ड'ची खिट्टी लावली की ती उघडते. नवीन आणताना जुने मोडून टाकलेले नाही, हे मला विशेष आवडले.

खेळांच्या यादीत नातवाला 'डूम' हे नाव दिसले आणि त्याचे डोळे चमकले. १९९३ सालचा हा बंदुकीचा प्रसिद्ध खेळ. त्याची मूळ संहिता १९९७ मध्ये खुली झाली, त्यामुळे तो नाना यंत्रांवर उतरला आहे. रॉकबॉक्समध्ये त्याचे इंजिन असते. परंतु चित्रे, दालने, राक्षस असलेली दुसरी फाइल आपण स्वतः आणून घालावी लागते. ती नसेल तर खेळ उघडत नाही. नातू म्हणाला, "आजोबा, फाइल टाकू या. त्यातले राक्षस काही खरे नसतात."

मी त्याला यशोधर राजाची कथा सांगितली. सोमदेवसूरींनी ९५९ मध्ये ती 'यशस्तिलक' ग्रंथात मांडली, जन्न कवीने कन्नडमध्ये मांडली आणि आपल्या मराठी जैन कवींनीही गायिली आहे. अशुभाच्या निवारणासाठी देवीला बळी द्यावा, असा मातेने आग्रह धरला. राजाने जीवहिंसा नाकारली. तडजोड म्हणून पिठाचा कोंबडा केला आणि त्यावर शस्त्र चालवले. रक्ताचा थेंब सांडला नाही. पण मारण्याचा संकल्प झाला होता. त्या भावहिंसेमुळे माता-पुत्रांना मोर, श्वान अशा तिर्यंच योनींत जन्मामागून जन्म घ्यावे लागले. 'खरे थोडेच आहे' हा युक्तिवाद राजवाड्यातही झाला होता, एवढे मी त्याला सांगितले.

नातू थोडा वेळ विचारात पडला. मग म्हणाला, "मग बुद्धिबळात आपण हत्ती-घोडे मारतो, ते?"

प्रश्न चोख होता. मी म्हणालो की तेथे मन पटावरच्या घरांत गुंतलेले असते, मारण्याच्या सुखात नसते. सोंगटी मेल्यावर आपण हर्षित होतो तो डाव साधला म्हणून. बोलताना माझ्याच लक्षात आले की हे उत्तर पुरते पक्के नाही. कोणाच्या मनात काय चालते, हे बाहेरून कसे मोजणार? मी तसे त्याच्याजवळ कबूलही केले. शेवटी आम्ही मुदत ठेवीसारखा करार केला. या सुटीत ती फाइल घालायची नाही. दिवाळीत तो येईल तेव्हा पुन्हा बोलायचे, आणि तेव्हा त्याने स्वतःचे मत सांगायचे. बंदी घातली असती तर विषय संपला असता. करारामुळे तो त्याच्या मनात चालू राहील, अशी माझी आशा आहे.

आणखी एक मुद्दा निघाला. रॉकबॉक्समध्ये जुन्या गेमबॉय यंत्राचे खेळ चालवणारा भागही आहे. ते खेळ उतरवून देणाऱ्या जागा सहज सापडतात, पण त्यांवर मूळ निर्मात्यांचा हक्क असतो. येथे मात्र मला चर्चेची गरज वाटली नाही. जे दिलेले नाही ते घेऊ नये, हे अचौर्य व्रत आहे आणि ते फाइलींनाही लागू आहे. नातवाने हे निमूटपणे मानले. त्याला पटले की तो कंटाळला, हे मी विचारले नाही.

सध्या त्याचे मन सोकोबानमध्ये रमले आहे. १९८० च्या दशकाच्या आरंभी जपानमध्ये जन्मलेल्या या खेळाच्या नावाचा अर्थ गोदामाचा रखवालदार. पेट्या ढकलून नेमलेल्या जागी नेऊन ठेवायच्या. पेटी ढकलता येते, ओढता येत नाही. घाईने कोपऱ्यात ढकलली की ती तेथेच अडकते. माझ्या पत्नीने दोन दिवस पाहून तिसऱ्या दिवशी स्वतः खेळायला घेतला, आणि आता नातवाच्या दोन पातळ्या पुढे आहे.

ज्यांच्या घरी असे जुने यंत्र असेल त्यांच्यासाठी चार व्यावहारिक गोष्टी. यंत्राची पाठ फुगलेली दिसली तर ते मुळीच चार्ज करू नये. बॅटरी खराब झाल्याची ती खूण आहे, ते जाणकाराकडेच द्यावे. रॉकबॉक्स सर्व यंत्रांवर चालत नाही. आयपॉड टच आणि शफल यांवर चालत नाही, जुन्या पाचही पिढ्या, मिनी, क्लासिक यांवर चालते. आधी आपली पिढी ओळखावी. संगणकाने फॉरमॅट करण्याची सूचना केली तर यंत्र रिकामे आहे असा अर्थ काढू नये. दुसऱ्या प्रकारच्या संगणकावर जोडून पाहावे. आणि घरातील सर्वांना एकदा विचारावे, यात कोणाचे काही आहे का. आमच्याकडे तो प्रश्न फोन ठेवता ठेवता, योगायोगाने विचारला गेला.

नातू परवा पुण्यास परतला. जाण्याच्या आदल्या संध्याकाळी तो पडवीत बसून सोकोबान खेळत होता, आणि त्याच यंत्रातून त्याच्या कानांत भक्तामर चालू होते. स्तोत्र ऐकताना खेळू नये, असे मी सांगणार होतो. तेवढ्यात तो स्वतःशीच हसला आणि आत स्वयंपाकघराकडे पाहून मोठ्याने म्हणाला, "आज्जी, गॅस बारीक कर!"

मी काही बोललो नाही.